वीस किलोच्या रेषेवरचा जामीन

माझ्या धाकट्या भावाला जानेवारी 2023 मध्ये गांजाच्या केसमध्ये अटक झाली. जामीन झाला जुलै 2024 मध्ये, तोही उच्च न्यायालयातून. खटला अजून चालू आहे, म्हणून गाव, पोलीस ठाणं, तुरुंग यांची नावं लिहीत नाही. भाऊ दोषी की निर्दोष, हे न्यायालय ठरवेल. मी लिहितेय ते फक्त जामिनाबद्दल, कारण त्या काळात आम्हाला समजेल अशा मराठीत कुणी काही सांगितलं नाही, आणि ज्यांनी सांगितलं त्यातलं निम्मं चुकीचं होतं.

भाऊ पिकअप चालवायचा. कर्जावर घेतलेली गाडी. हंगामात द्राक्षं, एरवी भाजीपाला, कधी कुणाचं घरसामान. त्या रात्री सोलापूरकडून परत येताना वाटेत एकाने भाडं ठरवलं, दोन गोणी मागे टाकल्या आणि स्वतःही केबिनमध्ये बसला. तो ओडिशाचा, मलकानगिरीकडचा. नाक्यावर गाडी अडवली, गोण्या उघडल्या, दोघांनाही ताब्यात घेतलं. कलमं लागली एनडीपीएस, म्हणजे अंमली पदार्थविरोधी कायद्याची 8(क), 20(ब)(दोन)(क) आणि 29. कलम 29 म्हणजे कट आणि चिथावणी. गोण्या कुणाच्या हा प्रश्नच त्यामुळे मागे पडतो, दोघेही एकाच दोरीत.

पहिल्या आठवड्यात घरी माणसांची रीघ लागली. चुलते म्हणाले, नव्वद दिवस काढा, चार्जशीट आली नाही की आपोआप सुटतो. कुणी म्हणालं, झडती राजपत्रित अधिकाऱ्यासमोर घेतली नाही, कलम 50 मोडलं, केसच उडाली. एक जण तर म्हणाला, आर्यन खानला पंचवीस दिवसांत मिळाला, आपल्याला महिनाभर लागेल.

वकीलसाहेबांनी हे सगळं ऐकून घेतलं आणि एकेक खोडलं. मालाचं प्रमाण व्यापारी, म्हणजे कायद्याने ठरवलेल्या मर्यादेपेक्षा जास्त, असेल तर कलम 36-अ प्रमाणे पोलिसांना नव्वद नाही, एकशे ऐंशी दिवस मिळतात, आणि सरकारी वकिलांनी कारणांसह अहवाल दिला तर न्यायालय ते एक वर्षापर्यंत वाढवू शकतं. कलम 50 अंगझडतीसाठी आहे. गाडीतून किंवा पिशवीतून माल निघाला तर त्याचा उपयोग होत नाही, सर्वोच्च न्यायालयाने 2019 मध्ये हे पुन्हा स्पष्ट केलंय. आणि आर्यन खानकडे काही सापडलंच नव्हतं, कटाचाही प्रथमदर्शनी पुरावा नाही असं उच्च न्यायालयाने म्हटलं होतं. आपल्या गाडीत दोन गोण्या होत्या.

मग त्यांनी एका कागदावर दोन आकडे लिहून माझ्यापुढे सरकवले. गांजा: 1 किलोपेक्षा कमी अल्प, 20 किलोपेक्षा जास्त व्यापारी. मधलं सगळं मध्यम. प्रत्येक पदार्थाचे आकडे वेगळे. चरस 1 किलोच्या वर गेला की व्यापारी, हेरॉईन 250 ग्रॅम, कोकेन 100 ग्रॅम आणि हल्ली गावोगावी पोचलेलं एमडी, म्हणजे मेफेड्रोन, फक्त 50 ग्रॅम. मध्यम प्रमाणात दहा वर्षांपर्यंत शिक्षा आहे, पण जामिनाचा विचार इतर गुन्ह्यांसारखाच होतो. व्यापारी प्रमाण झालं की किमान शिक्षाच दहा वर्षं, आणि जामिनाच्या दारात कलम 37 आडवं येतं.

ते कलम मी इतक्यांदा वाचलंय की पाठ झालंय. सरकारी वकिलांना विरोध करायची संधी द्यायची. त्यांनी विरोध केला तर न्यायालयाची दोन गोष्टींबद्दल खात्री पटली पाहिजे: आरोपी दोषी नाही असं मानायला वाजवी कारण आहे, आणि तो जामिनावर असताना पुन्हा गुन्हा करणार नाही. एकही साक्षीदार तपासला गेलेला नसताना, फक्त पोलिसांच्या कागदांवरून, आरोपी दोषी नाही असं न्यायाधीशांना वाटलं पाहिजे. अंमली पदार्थांनी घरं कशी बसतात ते मी पाहिलंय. माझ्या शाळेतली दोन मुलं त्यात गेली. कायदा कडक असावा याबद्दल माझ्या मनात शंका नाही. पण कडक शिक्षा वेगळी आणि खटल्याआधीची वर्षानुवर्षांची कैद वेगळी, हे मी कुणाशीही बसून बोलायला तयार आहे.

आमच्या पंचनाम्यातला आकडा होता 21 किलो 400 ग्रॅम. म्हणजे रेषेच्या वर जेमतेम दीड किलो.

पोलीस कोठडी संपून एमसीआर, म्हणजे न्यायालयीन कोठडी, झाला आणि भाऊ तुरुंगात गेला. मुलाखतीला आई आणि मी जायचो. जाळीपलीकडून आवाज नीट येत नाही, दोन्हीकडून सगळेच ओरडत असतात. घरी सांगायचं राहिलेलं तिथे आठवत नाही, म्हणून मी चिठ्ठीवर मुद्दे लिहून न्यायचे. खर्चासाठी मनीऑर्डर, अधूनमधून व्हिडिओवरून ई-मुलाखत. त्याबद्दल आणखी लिहायला मला जड जातं, पुढे जाते.

दोषारोपपत्र मुदतीत आलं. तीनशेच्या आसपास पानं, अर्धी झेरॉक्स फिकट. वकीलसाहेबांनी पंचनामा काढून माझ्यापुढे ठेवला आणि म्हणाले, "ताई, मोठ्याने वाचा. मी ऐकतो." मी वाचत गेले: "उग्र वासाचा, हिरवट रंगाचा, ओलसर पाला, काड्या, फुले, बोंडे व बिया असलेला गांजासदृश अंमली पदार्थ, प्लास्टिक पिशव्या व गोणीसह एकूण वजन 21 किलो 400 ग्रॅम." त्यांनी थांबवलं. "पुन्हा वाचा." दुसऱ्यांदा वाचताना मलाच ते दिसलं. गोणीसह. ओलसर. काड्या. बिया.

कायद्यात गांजाची व्याख्या आहे: गांजाच्या झाडाचे फुलोऱ्याचे किंवा फळधारी शेंडे. बिया आणि पानं शेंड्यांसोबत नसतील तर ती गांजात धरायची नाहीत. मग ओला पाला, काड्या, प्लास्टिकच्या पिशव्या आणि दोन गोण्या बाजूला काढल्या तर फुलोरा किती उरतो? पंचनाम्यात त्याचं उत्तर नव्हतं, कारण ते वेगळं करून कुणी तोललंच नव्हतं. काटाही जवळच्या किराणा दुकानातून आणलेला, तसं पंचनाम्यातच लिहिलेलं. प्रयोगशाळेचा अहवाल आला होता, त्यात नमुना गांजाचा आहे एवढंच होतं. एकूण मालात फुलोरा किती, हे त्यातून कळायला मार्ग नव्हता.

त्या दुपारनंतर मी दोषारोपपत्राची प्रत घरी आणली आणि रोज रात्री थोडी थोडी वाचली. शाळेत मराठी शिकवते, पोलिसी मराठी वेगळीच असते, पण सवय होते. माझं ठाम मत आहे की घरच्या माणसाने हे वाचलंच पाहिजे. वकिलांकडे एका वेळी शंभर प्रकरणं असतात. जप्ती किती वाजता, मोहोर किती वाजता, पंच कुठले, नमुने जागेवर काढले की न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर, मुद्देमाल त्या रात्री कुठे ठेवला, हे कागदाच्या चार वेगवेगळ्या कोपऱ्यांत असतं आणि जुळवून पाहायला निवांत माणूस लागतो.

आमच्या केसमध्ये नमुने जागेवरच काढले होते. कलम 52-अ प्रमाणे ते न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर काढायला हवेत. सर्वोच्च न्यायालयाने 2016 मध्ये मोहनलाल प्रकरणात हे बजावलं होतं आणि डिसेंबर 2022 मध्ये केंद्राने त्यासाठी नियमही केले. आम्ही तोही मुद्दा घेतला. पण आज कुणी केवळ त्याच मुद्द्यावर भिस्त ठेवणार असेल तर सांगते: डिसेंबर 2024 मध्ये काशिफ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय की 52-अ पाळलं नाही एवढ्यावरून जामीन मिळत नाही. सोबत आणखी काही ठोस लागतं.

विशेष न्यायालयात अर्ज केला. सरकारी वकिलांचा से, म्हणजे लेखी म्हणणं, यायला तारखा गेल्या. त्यांचं म्हणणं सरळ होतं: 2020 च्या हीरा सिंग निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की मिश्रणातला शुद्ध पदार्थ वेगळा मोजायचा नाही, पूर्ण वजन धरायचं. आमच्या वकीलसाहेबांनी सांगितलं की तो निकाल पावडरीत दुसरं काही मिसळलेलं असतं त्याबद्दल आहे. काड्या आणि गोणी म्हणजे मिश्रण नव्हे. गणपतीच्या सुमारास अर्ज फेटाळला गेला. आदेशात लिहिलं होतं की प्रमाण व्यापारी आहे, कलम 37 लागू आहे आणि वजनाचा वाद खटल्यात पुराव्यानेच सुटेल. आईला मी फोनवर सांगितलं. तिने विचारलं, "म्हणजे आता खटला संपेपर्यंत?" मी म्हटलं, "नाही आई, वर जायचं."

वर म्हणजे मुंबई. कोल्हापूरला सर्किट बेंच 18 ऑगस्ट 2025 ला सुरू झालं, त्यामुळे आता कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गच्या लोकांचा तो प्रवास वाचला. आम्हाला तेव्हा रात्रीची एसटी, सकाळी सीएसएमटीला तोंड धुणं आणि चालत फोर्टमध्ये जाणं. तिथल्या वकीलबाई चांगल्या होत्या, त्यांनी आधीच बजावलं होतं की येण्याची गरज नाही, बोर्ड, म्हणजे त्या दिवशीच्या प्रकरणांची यादी, ऑनलाइन दिसतो. पण घरात बसून फोनकडे बघत राहण्यापेक्षा तिथे उभं राहणं मला सोपं वाटायचं. बोर्डावर आमचा नंबर खाली असायचा, पाच वाजायचे, आणि कळायचं की आज मॅटर पोचली नाही. पुन्हा तारीख. दिवाळी गेली, नाताळची सुट्टी गेली, उन्हाळ्याची सुट्टी आली.

या वाट पाहण्याचा एक उपयोग झाला, तो मात्र मनाला टोचणारा. मार्च 2023 मध्ये मोहम्मद मुस्लिम प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने गांजाच्याच खटल्यात सात वर्षांहून जास्त आत असलेल्या माणसाला जामीन दिला होता आणि म्हटलं होतं की कलम 37 चा शब्दशः अर्थ लावला तर कुणालाच जामीन मिळणार नाही. खटला विनाकारण रेंगाळला असेल तर हे कलम जामिनाच्या आड येत नाही. म्हणजे भाऊ जितका जास्त आत राहील, तितका आमचा अर्ज बळकट. वकीलबाईंनी हे अगदी हळुवारपणे सांगितलं होतं. मी ते आईला कधीच सांगितलं नाही.

जुलैमध्ये सुनावणी झाली तेव्हा भाऊ दीड वर्ष आत होता आणि आरोपनिश्चिती, म्हणजे चार्ज फ्रेम, सुद्धा झालेली नव्हती. सुनावणी फार तर वीस मिनिटांची. न्यायमूर्तींनी पंचनामा मागवला, मराठीतच वाचला आणि सरकारी वकिलांना विचारलं, गोण्यांचं वजन कुठे वजा केलंय? उत्तर आलं की ते खटल्यात सिद्ध करू. पुढचा प्रश्न, ओलसर मालाचं फुलोऱ्याचं वजन? त्याचंही तेच उत्तर. आदेशात नोंदवलं गेलं की जप्त माल व्यापारी प्रमाणाचाच आहे याबद्दल प्रथमदर्शनी शंका आहे, त्यामुळे कलम 37 ची आडकाठी या टप्प्यावर लागत नाही. पूर्वीचा गुन्हा नाही, दीड वर्षाची कैद झाली, खटला लवकर संपायची चिन्हं नाहीत. पन्नास हजारांचा पीआर बाँड, म्हणजे स्वतःचा जातमुचलका, आणि तेवढ्याच रकमेचा एक किंवा दोन जामीनदार.

मला वाटलं होतं की आता दुसऱ्या दिवशी घरी. पण जामीन मंजूर होणं आणि माणूस बाहेर येणं यांत जामीनदार उभा असतो.

जामीनदाराला लागतो सातबारा, आठ-अ, आधार, रेशनकार्ड आणि तहसीलदारांचा ऐपतीचा दाखला. मामा लगेच तयार झाले. पण त्यांच्या सातबाऱ्यावर सोसायटीच्या पीककर्जाचा बोजा. दुसऱ्या एका नातेवाइकांच्या उताऱ्यावर तीन बहिणी सहहिस्सेदार, त्यांच्या सह्या हव्यात. आमच्या भागात बोजा नसलेला सातबारा शोधणं हे किती अवघड काम आहे ते शेतकऱ्यालाच कळेल. ज्यांचा उतारा कोरा होता त्यातले काही म्हणाले, चोरीची, मारामारीची केस असती तर उभा राहिलो असतो, ही गांजाची आहे. त्यांचा मला राग आला नाही. भीती खरी असते, पोलीस आपल्याही दारात येतील असं वाटतं. शेवटी माझ्या शाळेतले निवृत्त शिपाई, ज्यांना आम्ही तात्या म्हणतो, ते आपणहून आले. एक एकर कोरं रान, त्यावर कुणाचा बोजा नाही. म्हणाले, "पोराला मी चौथीपासनं बघतोय."

तोपर्यंत दिवस वाया जाऊ नयेत म्हणून वकीलबाईंनी उच्च न्यायालयातच चार आठवड्यांसाठी तात्पुरत्या रोख जामिनाची मुभा मागून घेतली होती. ही सोय असते आणि मागितल्याशिवाय कुणी देत नाही. रोख रक्कम विशेष न्यायालयात भरली, सुटकेचा आदेश निघाला. तो तुरुंगाच्या पेटीत संध्याकाळी ठरलेल्या वेळेआधी पडला पाहिजे, नाहीतर एक रात्र वाढते. आर्यन खानचा जामीन 28 ऑक्टोबर 2021 ला झाला आणि सुटका 30 तारखेला, ती अशाच पेटीची वेळ चुकल्यामुळे. आता ईमेलने आदेश पाठवायचा नियम झालाय, तरी आम्ही कागद घेऊन पेटीपाशी गेलोच.

भाऊ घरी आला. अटी होत्या: महिन्याच्या पहिल्या सोमवारी पोलीस ठाण्यात हजेरी, साक्षीदारांशी संपर्क नाही, परवानगीशिवाय जिल्हा सोडायचा नाही. ड्रायव्हरने जिल्हा सोडायचा नाही म्हणजे खायचं काय? त्यासाठी वेगळा अर्ज केला, काही महिन्यांनी ती अट शिथिल झाली. गाडी अजून पोलीस ठाण्याच्या आवारात उभी होती, टायर बसलेले, हप्ते मात्र चालू. एनडीपीएसमध्ये गाडी खटला संपेपर्यंत सुटत नाही असंच सगळे सांगत होते. जानेवारी 2025 मध्ये बिश्वजित डे प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की या कायद्यात गाडी तात्पुरती परत द्यायला बंदी नाही. तो निकाल जोडून अर्ज केला आणि हमीपत्रावर गाडी मिळाली. ज्यांची गाडी अडकलीय त्यांनी वकिलांना या निकालाबद्दल जरूर विचारावं.

आता त्या दुसऱ्या माणसाबद्दल. आमचा बचाव असा आहे की गोण्या त्याच्या होत्या. खटल्यात तो आमच्या समोरच्या बाजूला असल्यासारखाच आहे. पण पंचनामा दोघांचा एकच, वजन एकच, गोणीसह लिहिलेलं तेच वाक्य दोघांनाही लागू. त्याच्याकडे वकील नव्हता. कोठडीतल्या कुठल्याही माणसाला उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो, विधी सेवा प्राधिकरण कायद्याचं कलम 12 तसं सांगतं. हे भावाने आतच त्याला सांगितलं, कारण मी मुलाखतीत भावाला सांगितलं होतं. त्याला वकील मिळाला, उच्च न्यायालयाचा आमचा आदेश जोडून समानतेच्या मुद्द्यावर अर्ज झाला आणि त्यालाही जामीन मंजूर झाला. अटी त्याच: पन्नास हजार आणि स्थानिक जामीनदार.

त्याला इथे कोण जामीन राहणार? त्याचे वडील मलकानगिरीहून एकदा येऊन गेले, त्यांना ना हिंदी धड येत होतं ना मराठी. सर्वोच्च न्यायालयाने 31 जानेवारी 2023 च्या आदेशात सांगितलंय की जामीन मिळून सात दिवसांत कैदी सुटला नाही तर तुरुंग अधीक्षकांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या सचिवांना कळवायचं, आणि महिनाभरात जामीनदार मिळाला नाही तर अटी बदलता येतील का हे न्यायालयाने स्वतःहून पाहायचं. तसं काही झालेलं दिसलं नाही, म्हणून मीच सचिवांना पत्र लिहिलं, त्या आदेशाची तारीख घालून. नातेवाइकांनी विचारलं, तू त्याच्यासाठी का धावतेस, तो आत असलेला आपल्याला बराच. मला ते पटत नाही. वजन तोललं गेलं नाही म्हणून माझा भाऊ बाहेर असेल, तर त्याच न तोललेल्या वजनासाठी दुसऱ्याच्या मुलाने आत राहू नये.

पत्रानंतर त्याच्या वकिलांनी जामीनदाराची अट काढून फक्त पीआर बाँडवर सोडावं असा अर्ज केलाय. सरकारी वकिलांचा से अजून यायचा आहे, पुढची तारीख या महिन्याच्या अखेरीस आहे.